विश्लेषण : कारखान्याच्या ‘सेफ्टी’वरच सायबर हल्ला झाला तर?

साखर कारखान्याच्या बॉयलरमधले पाणी ठरलेल्या पातळीखाली गेले की इंटरलॉक बगॅसचा पुरवठा तोडतो. बॉयलर ‘ट्रिप’ होतो. लातूर परिसरातल्या सोयाबीन सॉल्व्हंट प्लांटमध्ये तेल काढायला हेक्झेन वापरतात, ते पेट्रोलसारखेच पेट घेणारे. गाळप असो की तेल, कामगारांचा जीव अशाच यंत्रणांच्या भरवशावर असतो. नव्या प्रकल्पांत हे काम प्रोग्रॅमवर चालणारे कंट्रोलर करतात.

धोका नेमका कुठे?

सुरक्षा यंत्रणेचे काम एकच, वेळ आली की प्लांट थांबवणे. एरवी ती गप्प असते. त्यामुळे तिच्यात कोणी ढवळाढवळ केली तरी रोजच्या उत्पादनात काहीच जाणवत नाही.

असे कुठे घडले?

२०१७ मध्ये, सौदी अरेबियातल्या एका पेट्रोकेमिकल प्रकल्पात. हल्लेखोर थेट ट्रायकोनेक्स या सुरक्षा कंट्रोलरपर्यंत पोहोचले आणि ‘ट्रायटन’ नावाचा व्हायरस त्यात घातला. कंट्रोलरवर एक साधी किल्ली असते. ती ‘रन’वर असती तर बाहेरून प्रोग्रॅम बदलता आला नसता, ती ‘प्रोग्रॅम’वरच राहिली होती. हल्लेखोरांच्या चुकीमुळे ऑगस्टमध्ये प्लांट आपोआप बंद पडला आणि बिंग फुटले. जूनमध्येही तो असाच थांबला होता, पण तेव्हा ते यांत्रिक बिघाडावर निभावले.

महाराष्ट्रात त्याच वर्षी ‘नॉटपेट्या’ने जेएनपीटीतल्या एका टर्मिनलचे काम ठप्प केले होते. मुंबईतल्या १२ ऑक्टोबर २०२०च्या वीजखंडाबाबत राज्याने घातपाताचा संशय घेतला, केंद्राने मानवी चूक म्हटले.

नांदेड-लातूरच्या कारखान्यांनी काय तपासावे?

आधी ती किल्ली. मग पुण्या-मुंबईच्या सर्व्हिस इंजिनीअरला दिलेला रिमोट अ‍ॅक्सेस. काम झाल्यावर तो बंद होतो का? कंट्रोल रूममधल्या संगणकात कोणाचाही पेनड्राइव्ह चालतो का? हंगामाच्या घाईत इंटरलॉकला मारलेला ‘बायपास’ तर हॅकरचे निम्मे काम आधीच करून ठेवतो. तो काढून प्रत्येक ट्रिपची चाचणी घ्यायला गाळप संपल्यानंतरचे महिने सोयीचे. आणि हल्ल्याचा संशय आलाच, तर २०२२च्या निर्देशांनुसार सर्ट-इनला सहा तासांत कळवणे बंधनकारक आहे. संचालक मंडळाच्या बैठकीची वाट पाहता येत नाही.