डुलणारा सा

अहिल्यानगरहून दौंड रस्त्याला लागलं की थोड्याच वेळात अरणगाव येतं, आणि तिथेच मेहेराबाद. १० जुलै १९२५ रोजी मेहेरबाबांनी इथे मौन धरलं आणि ३१ जानेवारी १९६९ ला देह ठेवीपर्यंत सोडलं नाही. समाधीत ठेवताना त्यांच्याच इच्छेनुसार कोल पोर्टरचं 'बिगिन द बिगीन' वाजवण्यात आलं. पुढच्या वर्षी 'द हू' या रॉक बँडच्या पीट टाउनशेंडने बाबांच्या स्मरणार्थ निघालेल्या 'हॅपी बर्थडे' या एलपीत तेच गाणं गायलं. एलपी खाजगी, प्रती मोजक्या. साहजिकच अमेरिकेत चोरट्या प्रती निघाल्या, आणि शेवटी १९७२ मध्ये टाउनशेंडचा 'हू केम फर्स्ट' हा अल्बम रीतसर बाजारात आला. २०१८ मध्ये तो पुन्हा निघाला.

अशा फेरआवृत्त्यांचा आता पूर आहे. कोलकात्याजवळच्या डमडमच्या कारखान्यात नव्वदच्या दशकात थांबलेलं रेकॉर्ड छापण्याचं काम २०२४ मध्ये मुंबईत नव्याने सुरू झालं. वेष्टनावर '१८० ग्रॅम' असं मिरवलेलं असतं. पूर्वीच्या बहुतेक एलपी १२० ते १४० ग्रॅमच्या असत. पण वजनाने आवाज सुधारत नाही. जाड भाकरी चांगली भाजलेली असतेच असं थोडंच आहे?

भाकरीचा दाखला अगदीच ओढूनताणून आणलेला नाही. लाखेसारखा लेप दिलेल्या अॅल्युमिनियमच्या चकतीवर आधी आवाजाची खाच कोरतात. तिच्यावर चांदीचा पातळ थर, मग निकेलचा मुलामा. तो सोलून काढला की उलटा ठसा मिळतो. त्यावरून आणखी ठसे घेतात आणि शेवटचा, 'स्टॅम्पर', यंत्रात चढतो. दोन स्टॅम्परच्या मध्ये पीव्हीसीचा गरम गोळा ठेवून वाफेच्या उष्णतेत दाबायचा आणि लगेच पाण्याने थंड करायचा. सारा खेळ अर्ध्या मिनिटाचा. गोळा पुरेसा तापला नाही तर प्लॅस्टिक खाचेच्या तळापर्यंत पोचत नाही, आणि ऐकताना मध्येच कापड फाटल्यासारखा आवाज येतो. घाईने काढली तर तबकडी वाकते. स्टॅम्पर झिजला तरी काम रेटलं तर बारीक स्वर बोथट होतात. 'थोडी खरखर हवीच, तीच तर गंमत' असं कौतुकाने म्हणणारे भेटतात. जुन्या रेकॉर्डची खरखर हा वयाचा मान झाला. कोऱ्या रेकॉर्डची खरखर म्हणजे कारखान्यातला आळस.

पण सगळ्यांत वाईट दोष कानाआधी डोळ्यांना दिसतो. मधलं भोक नेमकं केंद्रावर नसेल तर सुई धरलेला बाहू आत-बाहेर डुलतो. मिनिटाला ३३⅓ फेऱ्यांच्या वेगाला एक फेरी १.८ सेकंदांची, म्हणजे दर १.८ सेकंदांनी स्वर एकदा चढतो, एकदा उतरतो. भोक एकच मिलिमीटर सरकलेलं असेल तर केंद्रापासून दहा सेंटिमीटरवरच्या खाचेत हा फरक दोन्ही बाजूंना एक टक्का पडतो. शेवटच्या खाचा केंद्रापासून सहा सेंटिमीटरवर असतात. तिथे तो दीड टक्क्याच्याही वर जातो. अर्धा स्वर म्हणजे सुमारे सहा टक्के. ढोलकीच्या दणक्यात हे खपून जाईल. विलंबित ख्यालात, तानपुऱ्यावर लावलेला सा असा झुलायला लागला तर श्रुतींचा हिशेबच कोलमडतो. आणि आलापाच्या गाण्यात रसिक तर त्या ठेहरावासाठीच बसलेला असतो. तयार कानाला हे आधी खुपतं, आणि विक्रेता त्याला चोखंदळ म्हणून मोकळा होतो.

जपानच्या नाकामिची कंपनीने ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला एक टर्नटेबल काढलं होतं. ते रेकॉर्ड किती सरकलेली आहे हे मोजून तबकडी आपोआप केंद्रावर आणायचं. ते परवडणारे थोडेच. बाकीचे गोल कानशीने भोक केसभर मोठं करतात, रेकॉर्ड फिरवतात आणि बाहू डुलायचा थांबेपर्यंत बोटाने कडेला हलकेच ढकलत राहतात.