कॅमेऱ्यामागचा माणूस

पडद्यावरचे नट तुम्ही चटकन ओळखता. पण ज्याच्या नजरेतून तुम्ही ते दृश्य पाहता, त्या कॅमेरामनचे नाव तुम्ही कधी विचारले आहे काय? आज अशाच एका कॅमेरामनची ओळख करून घेऊ.

राऊल कुतार यांचा जन्म १९२४ साली पॅरिस येथे झाला. त्यांना रसायनशास्त्र शिकायचे होते. पण फीचा खर्च झेपेना, म्हणून ते फोटोग्राफीकडे वळले. १९४५ मध्ये ते व्हिएतनामला गेले. अकरा वर्षे तेथे राहून त्यांनी युद्धाचे फोटो काढले. रणांगणावर दिवे कोठून आणणार? असेल त्या उजेडात, तेही झटपट, फोटो घ्यावा लागे.

पुढे अफगाणिस्तानातील एका चित्रपटासाठी त्यांना बोलावणे आले. साधे फोटो काढायचे असतील, असे समजून त्यांनी होकार दिला. चित्रपटाचा कॅमेरा त्यांनी तोवर हातातही धरला नव्हता!

१९५९ मध्ये गोदार नावाचा तरुण दिग्दर्शक 'आ बू द सूफ्ल' हा चित्रपट काढत होता. पैसा थोडा होता. रात्रीच्या रस्त्यावर, दिवे न लावता चित्रण करायचे होते. इतक्या मंद उजेडात चालेल अशी फिल्म फक्त फोटोसाठी मिळे आणि तिची गुंडाळी अवघी साडेसतरा मीटर, म्हणजे जेमतेम चाळीस सेकंदांची! मग अशा गुंडाळ्या एकमेकींना जोडल्या. रुळांवरच्या गाडीऐवजी आजाऱ्यांची चाकांची खुर्ची आणली. कुतार कॅमेरा घेऊन तीत बसत आणि खुद्द दिग्दर्शक ती ढकलत. कॅमेरा दिसला की रस्त्यातले लोक त्याकडेच पाहतात. म्हणून ते टपालाच्या हातगाडीत लपून बसले. मला तर हीच युक्ती सर्वांत आवडते. १९६० मध्ये हा चित्रपट झळकला आणि कुतार यांचे नाव झाले.

व्हिएतनामला मात्र ते विसरले नाहीत. युद्धात पोरक्या झालेल्या भावंडांवर त्यांनी स्वतः 'होआ-बिन्ह' हा चित्रपट दिग्दर्शित केला. १९७० मध्ये कान महोत्सवात त्याला पहिल्या कलाकृतीचे पारितोषिक मिळाले. २०१६ साली कुतार वारले.

अभिनयही त्यांनी थोडासा केला. १९६९ च्या 'झेड' चित्रपटात ते डॉक्टर झाले आहेत. पण १९६३ च्या 'ल मेप्री'ची सुरुवात अवश्य पाहा. दुरून एक कॅमेरा रुळांवरून सरकत येतो. त्यामागे कुतार बसले आहेत. ते जवळ येतात, थांबतात आणि कॅमेऱ्याचे भिंग सरळ आपल्याकडे वळवतात.