पाच होड्यांचं अंतर ठेवा!

सॅन होजेहून गाडी काढली की तासा-सव्वातासात मॉस लँडिंग येतं. मासेमारीचं लहानसं बंदर, दुरूनच दिसणारी दोन उंच धुराडी आणि ११ किलोमीटर आत घुसलेली एल्कहॉर्न स्लू नावाची खाडी. बे एरियातल्या मराठी घरी भारतातून आई-बाबा आले आणि गोल्डन गेट पाहून झाला, की पुढच्या शनिवारी काय, याचं हे एक झकास उत्तर. गाईडबरोबर कयाक घ्यायची आणि समुद्री पाणमांजरं, सील, पेलिकन बघत वल्हवत राहायचं.

लाइफ जॅकेटचे पट्टे आवळून होतात न होतात तोच गाईड बजावतो : पाणमांजरापासून पाच होड्यांचं अंतर! म्हणजे साधारण ६० फूट. पैसे मोजले जनावर बघायला आणि धडा लांब राहायचा? त्यामागे अडीचशेहून जास्त वर्षांचा हिशोब आहे. वल्हवता वल्हवता तो उलगडू.

मापं घेऊन शिवलेली होडी

कयाक हा उत्तर ध्रुवाकडच्या इनुइट लोकांचा शब्द. तिकडे झाडं नाहीत, म्हणून सांगाडा वाहून आलेल्या लाकडांचा, नाहीतर देवमाशाच्या हाडांचा. त्यावर सीलचं कातडं चढवायचं. सांगाडा पुरुष बांधत आणि कातडं बायका शिवत, तेही असं की टाक्यातून थेंब आत येऊ नये. होडीचं माप घ्यायचं तिच्या मालकाच्या अंगावरून, त्याची वाव, त्याची वीत, त्याची मूठ धरून. शिंप्याकडे सदरा टाकावा तशी! दुसऱ्याची कयाक मागून नेली तर काखेत घट्ट किंवा कमरेत सैल व्हायचीच.

आधी ती शिकाऱ्यांची होती

अलास्काजवळच्या बेटांवरचे अल्यूट लोक याच जातीची होडी वापरत. रशियन लोक तिला ‘बैदार्का’ म्हणत. १७४२ मध्ये दर्यावर्दी बेरिंगच्या मोहिमेतून वाचलेले खलाशी पाणमांजरांची कातडी घेऊन परतले आणि व्यापाऱ्यांचे डोळे चमकले. पुढे अल्यूटांची बायकामुलं ओलीस ठेवून पुरुषांना शिकारीला जुंपलं गेलं, थेट कॅलिफोर्नियापर्यंत. शिकारीची रीत अशी, की होड्यांनी आवाज न करता रिंगण धरायचं आणि पाणमांजर श्वासासाठी डोकं वर काढेल तिथे भाला फेकायचा. १९११ च्या आंतरराष्ट्रीय कराराने ही शिकार थांबली, तोवर जवळपास सगळा किनारा रिकामा झाला होता.

रस्ता झाला आणि गुपित फुटलं

कॅलिफोर्नियातून पाणमांजर संपलं, असंच लोक धरून चालले होते. बिग सरच्या कड्यांखाली मात्र पन्नासेक जीव गुपचूप तग धरून होते. १९३७ मध्ये तिथला किनारी महामार्ग खुला झाला आणि १९३८ मध्ये हा कळप जगाला दिसला. आज कॅलिफोर्नियात जी तीन हजारांच्या आसपास पाणमांजरं आहेत, ती याच मूठभरांची वंशावळ.

एका इंचात दहा लाख

व्यापारी वेडे का झाले? आपल्या डोक्यावर सगळे मिळून लाखभर केस. समुद्री पाणमांजराच्या अंगावर दाट जागी एका चौरस इंचात दहा लाखांपर्यंत! सील किंवा देवमाशासारखा चरबीचा थर याच्याकडे नाही. थंडगार पाण्यात त्याला ऊब देते ती केसांत अडकलेली हवा. म्हणून दिवसाचा बराच वेळ स्वारी अंग चोळत, केस फुगवत बसते. आरशापुढून न हटणाऱ्या कॉलेजकुमाराला नावं ठेवताना हे आठवावं. पाणमांजराचा भांग बिघडला तर ते थंडीने मरू शकतं.

पिल्लाच्या अंगावर तर एवढी हवा धरलेली लव असते, की त्याला बुडी मारताच येत नाही. बुचासारखं तरंगतं. आई खोल पाण्यात जेवण आणायला जाते, तेव्हा त्याला केल्प या लांबलचक समुद्री शेवाळात गुंडाळून ठेवते. पाळणा म्हणा ना!

काखेत दगड, पोटावर ताट

अंग तापतं ठेवायचं म्हणजे भट्टीला कोळसा हवाच. पाणमांजर रोज आपल्या वजनाच्या पाव हिस्सा खातं. साठ किलोच्या माणसाने दिवसाला पंधरा किलो जेवावं, तसं. उताणं तरंगायचं, पोटाचं ताट करायचं, त्यावर दगड ठेवून शिंपले ठाकठाक आपटायचे. पुढच्या पायाच्या काखेत कातडीचा सैल खिसा असतो. आवडता दगड तिथे. जांभळे समुद्री साळू (काटेरी गोळे हो!) खाणाऱ्यांची हाडं आणि दातसुद्धा जांभळट होतात. जांभळं खाल्ल्यावर आपली नुसती जीभ रंगते.

खेकडे खाल्ले, गवत वाचलं

एल्कहॉर्न स्लूच्या आसपास शेतीच शेती. खतांचं पाणी खाडीत उतरतं, त्यावर शेवाळ माजतं आणि पाण्याखालचं ईलग्रास गवत त्याच्याखाली गुदमरतं. पण पाणमांजरं परतली तसं गवत उलट वाढू लागलं! २०१३ मध्ये शास्त्रज्ञांनी साखळी जुळवली. पाणमांजरं खेकडे खातात, म्हणून खेकड्यांच्या तावडीतून बारीक समुद्री गोगलगायी सुटतात, त्या गवताच्या पात्यांवरचं शेवाळ चाटूनपुसून साफ करतात.

२०२४ मध्ये दुसरी गंमत पुढे आली. काठाची माती पोखरणारे छोटे खेकडेही पाणमांजरांच्या ताटात जातात, त्यामुळे पाणमांजरं जास्त असलेल्या भागात काठ ढासळण्याचा वेग ९० टक्क्यांपर्यंत उतरला. बंधारा नाही, टेंडर नाही, उद्घाटनाची पाटी नाही.

मुखवटेवाल्या दाया

शेजारच्या मॉन्टेरे गावात, सार्डिन मासे डबाबंद करणाऱ्या जुन्या कारखान्याच्या जागी, १९८४ मध्ये मॉन्टेरे बे मत्स्यालय उघडलं. आईपासून तुटलेली पिल्लं तिथे येतात. त्यांना हाताळणारी माणसं काळा झगा आणि वेल्डिंगवाल्यासारखा मुखवटा चढवतात. पिल्लाला माणसाचा लळा लागू नये म्हणून हे सोंग! पुढे मत्स्यालयातल्याच थोराड माद्या पिल्लांना दत्तक घेतात, खेकडा कसा फोडायचा ते शिकवतात. मोठी झालेली ही मुलं एल्कहॉर्न स्लूत सोडली. तिथल्या वाढलेल्या संख्येत निम्म्याहून जास्त वाटा या दत्तकांचा आणि त्यांच्या लेकरांचा निघाला.

घटस्फोट-होडी

दोघांच्या कयाकला गाईडमंडळींत इंग्रजीत असंच नाव पडलंय. पुढचा ठेका धरतो, मागचा सुकाणू सांभाळतो. पुढच्याला मागचं दिसत नाही, त्यामुळे आपण एकटेच वल्हवतोय अशी त्याची खात्री. मागच्याला पुढचं सगळं दिसतं, त्यामुळे सूचना अखंड. आपल्या कोकणातल्या होडीला तोल सांभाळायला उलांडी तरी असते. इथे तोल दोघांच्या समजूतदारपणावर. सोपा तोडगा म्हणजे मागच्याने पुढच्याच्या ठेक्यावर वल्हं टाकायचं आणि मत किनाऱ्यावर पोचल्यावर मांडायचं.

केळं झोपलंय, उठवू नका

चिखलाच्या काठावर डोकं आणि शेपूट वर उचललेली केळी पहुडलेली दिसतात. ते हार्बर सील. बाहेरून कानाची पाळी नाही आणि जमिनीवर पोटावर सरपटतो, तो सील. पाळी आहे आणि पुढच्या पायांवर ऐटीत चालतो, तो सी लायन. धक्क्यावर भुंकून कलकलाट करणारा तोच.

आपला समज असा, की इंजिन नाही, धूर नाही, म्हणजे कयाकचा कुणाला त्रास नाही. सीलचा हिशोब वेगळा आहे. मोटरबोट लांबूनच ऐकू येते. कयाक मात्र काठाकाठाने, बुटकी, मूक, अचानक समोर उगवते, अगदी दबा धरून आलेल्या शिकाऱ्यासारखी. तिची मूळ रचना तशीच तर आहे! दचकलेला सील थेट पाण्यात उडी घेतो. ऊन खाऊन साठवलेली ऊब जाते, पिल्लू मागे राहू शकतं. म्हणून चांगला गाईड सील दिसले की आवाज वाढवत नाही, होडीचं तोंड वळवतो.

आ वासला आणि…

मॉस लँडिंगच्या बंदराबाहेर, काठापासून अगदी जवळ, समुद्राच्या तळाला मॉन्टेरे दरी सुरू होते. पुढे ती ग्रँड कॅन्यनच्या तोडीची खोल जाते. खोलातलं सकस पाणी वर येतं, त्यामागे बारीक मासे, त्यांच्यामागे हंपबॅक देवमासे आणि त्यांच्यामागे कयाकवाले.

२०१५ च्या सप्टेंबरात इथेच एका हंपबॅकने उसळी घेतली आणि तो दोघांच्या कयाकवर येऊन आदळला. दोघंही सुखरूप. २०२० च्या नोव्हेंबरात आणखी दक्षिणेला अविला बीचपाशी दोघी मैत्रिणी माशांच्या थव्यावर होडी घेऊन गेल्या, तोच खालून जबडा वर आला आणि होडी क्षणभर त्यात! २०२५ च्या फेब्रुवारीत चिलीच्या मॅगेलन सामुद्रधुनीत एका तरुणाचं तसंच झालं, तेही वडील जवळून व्हिडिओ काढत असताना. तिघांनाही देवमाशाने लगेच सोडलं. त्याचा जबडा महादरवाजाएवढा असला तरी घसा अरुंद, माणूस त्यातून उतरतच नाही. मासे पाण्याबाहेर टणाटण उड्या मारताना दिसले, तर ते जेवणाचं ताट आहे समजा. ताटात होडी घालू नये.

बारा कोसांवर भाषा बदलते, पाण्यातही

कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावर, व्हँकुव्हर बेटालगतच्या जॉनस्टन सामुद्रधुनीत, कयाकवाले ओर्का (किलर व्हेल) बघायला जातात. पाण्यात हायड्रोफोन, म्हणजे पाण्याखालचा माइक, सोडला की शिट्ट्या आणि किंकाळ्या ऐकू येतात. प्रत्येक घराण्याची बोली निराळी. मालवणीत आणि वऱ्हाडीत असावा तेवढा फरक! तिथल्या सॅमन मासे खाणाऱ्या ओर्कांत मुलगे आणि मुली दोघंही जन्मभर आईपाशी राहतात. सासर हा प्रकारच नाही. रॉब्सन बाइट इथे किनाऱ्यालगतच्या गोट्यांवर ते अंग घासतात, आपण वजरीने टाच घासतो तसे. १९८२ पासून ती जागा राखीव आहे. त्यांचं न्हाणीघर त्यांचंच.

वल्ह्याखाली दिवे

सॅन फ्रान्सिस्कोच्या उत्तरेला टोमालेस खाडीत काळोख्या रात्री कयाक निघतात. वल्हं पाण्यात बुडवलं की निळसर ठिणग्या उडतात. पाणी ढवळलं की चमकणारे सूक्ष्म जीव हे करतात. अशाच जातीच्या जिवांनी हिवाळ्याच्या तोंडाला कोकणातल्या लाटाही निळ्या झाल्याच्या बातम्या येतात. अमावास्येची रात्र आणि विझवलेला मोबाइल, एवढंच भांडवल पुरतं.

घरच्या खाडीत

पाणमांजरं बघायला विमानाचंच तिकीट हवं असं नाही. गोव्यात मांडवीतल्या चोडण बेटावर सलीम अली पक्षी अभयारण्याची कांदळवनं आहेत आणि त्या चिखलात पाणमांजरांच्या पाऊलखुणा सापडतात. ही समुद्री नव्हेत, नदी-खाडीत राहणारी आपली जात, कुटुंबकबिल्यासह मासे धरणारी. भरतीबरोबर आत जा, ओहोटीबरोबर बाहेर या, हे आपल्या होडीवाल्यांचं शहाणपण तिथेही लागू आणि एल्कहॉर्न स्लूतही.

शेवटी अंगठा दाखवा

पाण्यावर टेप कोण धरणार? म्हणून कॅलिफोर्नियात एक युक्ती शिकवतात. हात सरळ पुढे करा, अंगठा आडवा धरा, एक डोळा मिटा. पाणमांजर अंगठ्याआड पूर्ण लपलं तर अंतर बरोबर. कडेने शेपूट डोकावली तर मागे वल्हवा. अंगठ्याचीही गरज पडू नये अशी एक खूण जनावर स्वतःच देतं. झोपलेलं पाणमांजर डोकं वर करून तुमच्याकडे बघू लागतं.

याच होडीत बसून पूर्वी शिकारी ते डोकं वर येण्याचीच वाट बघत. आता ते वर आलं, तर चूक आपली.