सही आपली, पण आपण कुठे होतो?



गटाच्या पंचसूत्रीत पहिलं सूत्र कोणतं? नियमित बैठक. बचत, अंतर्गत कर्ज, परतफेड आणि हिशेब ही चार सूत्रं तिच्या मागून येतात. बाईच बैठकीला आली नाही, तर कर्ज कुणाला द्यायचं हे ठरवणार कोण?

पण हजर असणं म्हणजे नुसती सही नव्हे. हे आम्ही चटका बसल्यावर शिकलो.

आमच्या पाड्यावरच्या विहिरीत गाळ साचला होता, कठडाही ढासळला होता. महिला सभेत हा विषय मांडायचा, असं गटात ठरलं. सभेच्या दिवशी कुणाचं दळण राहिलं होतं, कुणाकडे पाहुणे आले होते. बाकीच्यांना वाटलं, कुणीतरी जाईलच. दोघीच गेल्या, त्याही मागे बसून आल्या. दोन दिवसांनी रजिस्टर घरोघरी फिरलं. आम्ही अंगणात उभ्या उभ्या सह्या केल्या. वाचलं कुणीच नाही. एप्रिलमध्ये चौकशी केली तेव्हा कळलं, ठरावात विहिरीचं नावच नव्हतं. त्या मे महिन्यात दोन हंडे पाण्यापायी अर्धा दिवस जायचा. सह्या आमच्याच, मग बोलणार कुणाला?

आपल्या शहापूर तालुक्यात भातसा आहे, तानसा आहे. त्यांचं पाणी मुंबईला जातं आणि उन्हाळ्यात आपले पाडे टँकरची वाट बघतात. धरणाचा निर्णय आपल्या हातात नाही. विहिरीचा ठराव मात्र आहे.

तो कसा, ते नीट ऐका. आपल्या राज्यात वर्षाला किमान चार ग्रामसभा घ्याव्या लागतात. नियमित ग्रामसभेच्या आधी महिलांची वेगळी सभा घ्यायची असते. शहापूर तालुका पूर्ण आणि मुरबाडमधली काही गावं अनुसूचित क्षेत्रात येतात. तिथे १९९६ चा पेसा कायदा लागू आहे. राज्याचे त्याचे नियम २०१४ मध्ये आले. त्यांनुसार एखादा पाडासुद्धा आपली स्वतंत्र ग्रामसभा मागू शकतो. पेसा ग्रामपंचायतींना आदिवासी उपयोजनेतला ५ टक्के अबंध निधी मिळतो. तो कशावर खर्च करायचा, हे ग्रामसभेत ठरतं. म्हणजे आपण गेलो नाही, तर आपल्या पैशाचं दुसरेच ठरवणार.

म्हणून आता आमच्या गटाने चार गोष्टी धरल्या आहेत.

पहिली, सभेत पुढे बसायचं आणि फोन पिशवीत ठेवायचा. मांडीवर फोन असला की कान सभेत राहत नाहीत.

दुसरी, ठराव मोठ्याने वाचून दाखवायला सांगायचं, मगच सही. घरी आलेल्या रजिस्टरवर सही नाही.

तिसरी, ठरावाची नक्कल मागायची. मिळाली नाही तर २००५ चा माहितीचा अधिकार आहे. अर्जाला १० रुपये लागतात, दारिद्र्यरेषेखालच्या बाईला तेही नाहीत. ३० दिवसांत उत्तर द्यावं लागतं.

चौथी गोष्ट सगळ्यात महत्त्वाची. दिवाळीनंतर आपल्या कित्येक बहिणी भिवंडी, कल्याणकडच्या वीटभट्ट्यांवर जातात आणि पावसाच्या तोंडावर परततात. तेवढ्यात २६ जानेवारीची आणि मे महिन्यातली सभा होऊन जाते. व्हॉट्सअ‍ॅपच्या ग्रुपवर निरोप टाकला की आपल्याला वाटतं, सगळ्यांना कळलं. पण जिच्याकडे फोन नाही, जिला वाचता येत नाही, तिचं काय? म्हणून आम्ही जोड्या लावल्या. गावात राहणारी एक, बाहेर जाणारी एक. रेशनकार्डाचं काम असो, सभेची तारीख असो, निरोप तोंडी पोचवायचा. भट्टीवरच्या मुकादमाच्या फोनवर का होईना, तिच्याशीच बोलायचं. तिचं म्हणणं विचारून घ्यायचं आणि सभेत तिच्या वतीने मांडायचं.

पुढच्या महिला सभेला आम्ही नऊ जणी गेलो. ठराव वाचून घेतला, मग सही केली. विहिरीचा गाळ निघाला. कठडा अजून बाकी आहे, त्यामुळे येत्या सभेलाही जायचंच आहे.

तुम्ही या आठवड्यात एवढंच करा. बैठकीहून घरी जाताना, जी आली नव्हती तिच्या ओट्यावर दोन मिनिटं टेका. काय ठरलं ते तिला सांगा. आणि ती का आली नाही, तेही विचारा.