एक झावळी, एक घड

पावसाळा तोंडावर आला की कोकणात नारळ पाडण्याची घाई सुरू होते. पाडेली कमरेला कोयता लावून माडावर चढतो. खालून कोणीतरी हाक देतो, "चढलाच आहेस तर शेंडा जरा मोकळा कर रे!" मग सुकलेल्या झावळ्यांबरोबर चार-सहा हिरव्या झावळ्याही खाली येतात. गुलाब छाटला की जोमाने फुटतो; मग माड का फुटू नये, असा हिशेब यामागे असतो. हा हिशेब कोठे चुकतो ते आपण पाहू.

गुलाबाच्या फांदीवर जागोजागी डोळे असतात. शेंडा छाटला की त्यांतून नव्या फांद्या फुटतात. माडाला फांद्याच नसतात. वाढणारा कोंब एकच, तोही शेंड्याच्या अगदी आत. हा कोंब मेला की माड मेला. निरोगी, वाढलेल्या माडाचा कोंब वर्षाला सुमारे १२ झावळ्या देतो, म्हणजे महिन्याला साधारण एक. उलगडलेली झावळी अडीच ते तीन वर्षे माडावर राहते. आता साधा गुणाकार करा: महिन्याला १ झावळी आणि आयुष्य ३० महिने, म्हणून माडावर एका वेळी सुमारे ३० झावळ्या. त्यांतल्या खालच्या १० हिरव्या झावळ्या आपण तोडल्या, तर शेंडा पुन्हा भरायला १० महिने लागतील. तोडल्या म्हणून कोंब अधिक वेगाने झावळ्या देत नाही.

नुकसान येथेच थांबत नाही. प्रत्येक झावळीच्या बगलेत एक पोय असते. झावळी उलगडल्यावर साधारण वर्षाने ती पोय फुटते आणि नारळ पक्व व्हायला आणखी सुमारे १२ महिने लागतात. या सर्व काळात हिरवी झावळी सूर्यप्रकाशाच्या साहाय्याने अन्न तयार करते. अन्न कमी पडले की कोवळी फळे गळतात आणि पुढचे घड लहान राहतात. हा परिणाम दिसेपर्यंत कित्येक महिने लोटलेले असतात. तेव्हा मालक खताला आणि पावसाला दोष देतो. कोयता कोणाला आठवत नाही!

झावळीचे दुसरे काम आधाराचे. दहा नारळांच्या घडाचे वजन १० किलोग्रॅमच्या पुढे सहज जाते. घडाचा दांडा भिंतीत ठोकलेल्या खुंटीसारखा एकाच टोकाला पक्का असतो. भार बुंध्यापासून जितका दूर, तितका दांडा वाकविणारा परिणाम अधिक. दांड्याखाली असलेला झावळीचा रुंद देठ हा भार तोलून धरतो. ती झावळी तोडली की घड लोंबतो आणि दांडा मोडण्याचा धोका वाढतो.

तिसरी गोष्ट जखमेची. आंब्याच्या खोडात सालीखाली सतत वाढणाऱ्या पेशींचा थर असतो; तो जखम भरून काढतो. माड एकदल वनस्पती असल्याने त्याच्या खोडात असा थर नसतो. म्हणून चढण्यासाठी खोडावर पाडलेल्या खाचा कधीच भरून येत नाहीत. ताज्या जखमेच्या वासाने सोंड्या भुंगा येतो आणि तेथे अंडी घालतो. त्याच्या अळ्या माड आतून पोखरतात आणि पुष्कळदा हे ध्यानात येते तेव्हा फार उशीर झालेला असतो. हिरवी झावळी तोडणे अगदीच भाग पडले, तर बुंध्याकडे सुमारे १२० सेंटिमीटर देठ ठेवून तोडावी. म्हणजे अळ्यांना खोड सहज गाठता येत नाही.

मग माड साफ करूच नये काय? अवश्य करावा. पूर्ण सुकून लोंबणाऱ्या झावळ्या, पोयींची वाळलेली आवरणे व नारळ काढलेल्या घडांचे दांडे काढावेत. वाटेवरच्या किंवा घराजवळच्या माडावरील सुकी झावळी आणि पक्व नारळ वाऱ्यात खाली येऊन माणसाला इजा करू शकतात. ते पावसाळ्यापूर्वीच उतरवावेत. त्याच वेळी शेंड्याजवळ गेंड्या भुंग्याची छिद्रे आहेत काय, तेही पाहावे. पिवळी पडू लागलेली झावळीही लगेच तोडू नये. सुकता सुकता ती आपल्यातील पोटॅश नव्या झावळ्यांकडे पाठवीत असते.

करून पाहा : गळलेल्या प्रत्येक झावळीचा वण माडाच्या खोडावर राहतो. हाताला लागेल अशा १ मीटर उंचीत किती वण आहेत ते मोजा. एका वणास साधारण एक महिना धरला, तर तेवढे खोड वाढायला माडाला किती वर्षे लागली, हे तुम्हीच काढू शकाल. ते उत्तर वहीत लिहून ठेवा, आणि पुढच्या वेळी पाडेली वर चढला की हिरव्या झावळीला हात लावू नका असे त्याला खालून सांगा.