चेक-इन काउंटरवरची सीमा

मुंबईहून परदेशी जाणाऱ्या विमानाच्या चेक-इन काउंटरवर पासपोर्ट पुढे केला की समोरचा कर्मचारी फोटोचं पान उघडतो आणि ते यंत्रावरून फिरवतो. त्या पानाच्या तळाशी दोन ओळी छापलेल्या असतात, प्रत्येकीत ४४ चिन्हं. आडनाव, नाव, पासपोर्टचा नंबर, जन्मतारीख, मुदत संपण्याची तारीख, सगळं त्या दोन ओळींत दाटीवाटीने बसवलेलं. अमेरिका, ब्रिटन, कॅनडा, ऑस्ट्रेलिया अशा देशांच्या बाबतीत ही माहिती तिथल्या सरकारी यंत्रणेकडे जाते आणि थोड्याच वेळात उत्तर येतं: या प्रवाशाला बसवा, किंवा बसवू नका. बॅगा अजून वजनकाट्यावर असतात, पोचवायला आलेली मंडळी दाराबाहेर उभी असतात, आणि हजारो मैलांवरच्या देशाच्या सीमेवरचा पहिला निकाल इथे सहार विमानतळावरच लागलेला असतो.

हा निकाल ज्या नोंदींवरून लागतो त्यातली एक म्हणजे इलेक्ट्रॉनिक ट्रॅव्हल ऑथरायझेशन, व्यवहारात ‘ईटीए’. काही देश ठरावीक देशांच्या नागरिकांकडे व्हिसा मागत नाहीत. पूर्वी अशा प्रवाशाने तिकीट काढावं, विमानात बसावं आणि उतरल्यावर शिक्का मारून घ्यावा, एवढंच काम होतं. आता त्याने निघण्याआधी मोबाइलवर किंवा संगणकावर फॉर्म भरायचा, फी भरायची आणि परवानगी आल्यावरच विमानतळ गाठायचा. वकिलातीत मुलाखत नाही, पासपोर्टवर स्टिकर नाही. परवानगी जोडलेली असते ती पासपोर्टच्या नंबराला. ती मिळाली म्हणजे प्रवेश मिळालाच असंही नाही. उतरल्यावर तिथला अधिकारी परत पाठवू शकतो. तिच्या जोरावर विमानात बसता येतं, इतकंच.

सीमा अशी प्रवाशाच्या गावापर्यंत सरकत येण्याची सुरुवात विमानांच्याही आधीची आहे. ७ एप्रिल १८८३ रोजी आनंदीबाई जोशी कलकत्त्याहून बोटीने निघाल्या आणि जूनमध्ये न्यूयॉर्कला उतरल्या. त्या काळी अशा प्रवाशाला अमेरिकेचा व्हिसा लागत नसे. पण आदल्याच वर्षी, ३ ऑगस्ट १८८२ला, अमेरिकी काँग्रेसने एक कायदा केला होता. परदेशी बंदरातून येणाऱ्या प्रत्येक बिगर-अमेरिकी प्रवाशामागे ५० सेंट बोटीच्या मालकाकडून घ्यायचे, आणि ज्याला किनाऱ्यावर उतरू द्यायचं नाही त्याला परत नेण्याचा खर्चही मालकानेच सोसायचा, अशी दोन कलमं त्यात होती. आजची सगळी व्यवस्था मला या दोन कलमांत दिसते. प्रवाशाकडून पैसे घ्यायचे, आणि त्याला पारखण्याची जबाबदारी त्याला आणणाऱ्यावर टाकायची. परतीचा भुर्दंड आपल्याला पडणार म्हटल्यावर बोटीचा मालक निघतानाच माणसं पारखून घेऊ लागणार, हे उघड होतं.

१९२४च्या अमेरिकी कायद्याने पुढची पायरी गाठली. परदेशातल्या वकिलातीतून व्हिसा घेतल्याशिवाय बाहेरून स्थायिक व्हायला येणाऱ्याने निघायचंच नाही, असं ठरलं. विमानं आल्यावर तोच नियम विमान कंपन्यांना लागू झाला. ब्रिटनने १९८७मध्ये कायदा करून कागदपत्रांविना प्रवासी आणणाऱ्या कंपनीला दंड सुरू केला. भारतानेही २०००मध्ये तसाच कायदा केला आणि दंड ठेवला एका प्रवाशामागे १ लाख रुपये. काउंटरवरचा कर्मचारी आपल्याला अडवतो तेव्हा त्याच्यासमोर ‘टिमॅटिक’ ही विमान कंपन्यांच्या आंतरराष्ट्रीय संघटनेची नियमावली उघडलेली असते आणि मागे असा दंड उभा असतो. त्याच्याशी हुज्जत घालून काही हाती लागत नाही. ज्या सरकारने नियम केला त्याचा एकही माणूस तिथे हजर नसतो. या व्यवस्थेतला मला सर्वांत खटकणारा भाग तोच आहे.

संगणकावरच्या परवानगीची कल्पना प्रथम अमलात आणली ऑस्ट्रेलियाने, १९९६मध्ये, सिडनी ऑलिंपिकच्या चार वर्षं आधी. हा देश जवळपास प्रत्येक परदेशी माणसाकडे व्हिसा मागत आलेला. पर्यटक वाढत चालले, वकिलातींसमोर गर्दी वाढली, पण नियम सोडायचा नव्हता. मग विमान कंपन्यांचं दळणवळणाचं जाळं चालवणाऱ्या ‘सीता’ या संस्थेच्या मदतीने अशी सोय झाली की ज्या पडद्यावर एजंट तिकीट काढतो, तिथूनच ऑस्ट्रेलियाची परवानगीही काढता यावी. काम सोपं झालं, पारखही टिकली.

अमेरिकेत ही कल्पना भीतीतून आली. ११ सप्टेंबर २००१च्या हल्ल्यानंतर तीनच महिन्यांत पॅरिसहून मायामीला निघालेल्या विमानात रिचर्ड रीड याने बुटात लपवलेली स्फोटकं पेटवण्याचा प्रयत्न केला. त्याच्याकडे ब्रिटिश पासपोर्ट होता, म्हणजे अमेरिकेच्या व्हिसाची त्याला गरजच नव्हती. मित्रदेशांच्या नागरिकांना व्हिसामाफी द्यायची, पण कोण येतंय ते आधी कळलं पाहिजे, असा कायदा २००७मध्ये झाला. ‘एस्टा’ नावाची ही परवानगी १२ जानेवारी २००९पासून सक्तीची झाली. सुरुवातीला ती फुकट होती. २०१०मध्ये फी बसली १४ डॉलर, आणि त्यातले १० डॉलर होते अमेरिकेच्या पर्यटनाची जाहिरात करण्यासाठी. २०२२मध्ये ती २१ झाली आणि ३० सप्टेंबर २०२५पासून ४० डॉलर. सुरक्षेसाठी सुरू केलेली व्यवस्था कमाईचं साधन व्हायला फार वर्षं लागत नाहीत, हे यातून दिसतं. २०१५मध्ये आणखी एक अट आली. १ मार्च २०११नंतर जो इराण, इराक, सीरिया किंवा सुदानला जाऊन आला असेल त्याला, काही अपवाद वगळता, एस्टा मिळणार नाही. त्याने रीतसर व्हिसाच काढायचा.

मग एकामागून एक देश या वाटेने गेले. कॅनडा २०१६मध्ये, न्यूझीलंड २०१९मध्ये, दक्षिण कोरिया २०२१मध्ये. ब्रिटनने २०२३च्या नोव्हेंबरात कतारच्या नागरिकांपासून सुरुवात केली आणि २ एप्रिल २०२५ला युरोपीय देशांनाही त्यात घेतलं. १० पौंडांची फी आठवडाभरात १६ झाली. युरोपीय संघाचा ‘एटियास’चा कायदा २०१८चा, पण तारखा सारख्या पुढे गेल्या, आता २०२६च्या अखेरच्या तिमाहीत तो सुरू करण्याचं संघाने जाहीर केलं आहे.

यात भारतीय पासपोर्ट कुठे बसतो? या देशांपैकी बहुतेकांच्या ईटीएच्या यादीत तो नाहीच. अमेरिका, ब्रिटन, कॅनडा आणि युरोपसाठी आपल्याला पूर्ण व्हिसा लागतो, त्यातल्या बोटांच्या ठशांसह आणि महिनोन्‌महिन्यांच्या प्रतीक्षेसह. ईटीए ज्याला त्रास वाटते तो प्रवासी मुळात सुखी देशाचा असतो. मराठी माणसाची या प्रकाराशी ओळख होते ती बहुधा श्रीलंकेला किंवा केनियाला जाताना.

केनियाने जानेवारी २०२४पासून व्हिसा रद्द केला आणि त्याच्या जागी ईटीए सुरू केली. मसाई माराला जुलै ते ऑक्टोबरात जाणाऱ्या मराठी छायाचित्रकारांना आणि टूर कंपन्यांना आता व्हिसाऐवजी तीच काढावी लागते. पण इथे एक खाच आहे. ईटीए थोड्या दिवसांत हातात येते, त्यामुळे तयारी झाली असं वाटतं. पीतज्वराची लस मात्र टोचल्यावर १० दिवसांनीच ग्राह्य धरली जाते, आणि तिचा दाखला नसेल तर केनियाहून परतताना भारतातच विलगीकरणात राहावं लागू शकतं. मोबाइलवर परवानगी पटकन आली म्हणून लसीचं केंद्र गाठायला उशीर करू नये.

श्रीलंकेची गोष्ट सगळ्यांत बोलकी आहे. तिथे २०१२पासून ईटीएची सरकारी यंत्रणा नीट चालली होती. एप्रिल २०२४मध्ये सरकारने ते काम परदेशी कंपन्यांच्या गटाकडे दिलं. प्रवाशांवरचा खर्च वाढला, कोलंबोच्या विमानतळावर लोकांचा संताप उसळला, आणि खासदार सर्वोच्च न्यायालयात गेले. ऑगस्टमध्ये न्यायालयाने नवी व्यवस्था थांबवून जुनी परत सुरू करण्याचा अंतरिम आदेश दिला. तो पाळला गेला नाही, तेव्हा सप्टेंबरमध्ये इमिग्रेशन खात्याच्या प्रमुखाला न्यायालयाने कोठडीत पाठवलं. देशात कोण येतंय याची माहिती आणि त्यातून मिळणारी फी कोणाच्या हातात असावी, हा प्रश्न किती मोठा आहे ते या प्रकरणात उघड्यावर आलं. प्रवाशाचा पासपोर्ट, फोटो, हॉटेलचा पत्ता, हे सगळं त्या फॉर्ममधून जात असतं.

गोव्यात हा विषय थेट घरात शिरलेला आहे. १९ डिसेंबर १९६१पूर्वी गोव्यात जन्मलेल्यांना, त्यांच्या मुलांना आणि नातवंडांना लिस्बनमध्ये जन्माची नोंद करून पोर्तुगीज नागरिकत्व घेता येतं. पोर्तुगाल युरोपीय संघात असल्यामुळे त्या पासपोर्टवर हजारो गोंयकार ब्रिटनला गेले; स्विंडन आणि साउथॉलमध्ये त्यांची वस्तीच उभी राहिली. ब्रिटन संघाबाहेर पडल्यावर चित्र पालटलं. आता एकाच घरातल्या दोन भावांकडे तोच तांबडा पोर्तुगीज पासपोर्ट असला, तरी तिथे स्थायिक होण्याचा हक्क नोंदवलेल्या स्विंडनच्या भावाला ईटीए नको, आणि त्याच्याकडच्या बाप्तिस्म्याला निघालेल्या मडगावच्या भावाला ती हवी. उलट दिशेनेही तसंच. परदेशी नागरिकत्व घेतल्यावर १९५५च्या कायद्याने भारतीय नागरिकत्व संपतं. मग साष्टीतल्या स्वतःच्या घरी यायला त्या माणसाला ओसीआय, म्हणजे ‘ओव्हरसीज सिटिझन ऑफ इंडिया’, कार्ड लागतं किंवा भारताचा ई-व्हिसा.

भारताने स्वतःची ईटीए २७ नोव्हेंबर २०१४ला सुरू केली, चाळीसहून अधिक देशांसाठी आणि नऊ विमानतळांवर. मुंबई आणि गोवा त्यात होते. आज तिला ई-व्हिसा म्हणतात, पण मंजुरीचं जे पत्र येतं त्याच्या शीर्षकात अजून ईटीएच असते. पुणे, नागपूर आणि गोव्यातल्या मोपा इथेही त्या पत्रावर उतरता येतं. आपला फॉर्म इतर देशांच्या मानाने बराच लांब आहे. धर्म, शिक्षण, अंगावरची ओळखीची खूण, आईवडील किंवा आजीआजोबा पाकिस्तानचे होते का, असे प्रश्न त्यात आहेत. न्यू जर्सीत वाढलेली नात तो भरताना आईला विचारते, “आई, अंगावरची खूण म्हणजे काय लिहू?” आणि कोपरावरचा लहानपणचा व्रण कामाला येतो. पर्यटनासाठीचा अर्ज भारतात पोचण्याच्या किमान चार दिवस आधी करावा लागतो. गावाकडे कोणी अत्यवस्थ असल्याचा फोन येतो तेव्हा हे चार दिवस फार मोठे होतात. तातडीच्या व्हिसासाठी वकिलातीचं दार ठोठावता येतं, पण परदेशी पासपोर्ट घेतलेल्या मुलांची ओसीआय कार्डं शांततेच्या काळातच करून ठेवावीत, हे मी ओळखीच्या प्रत्येक घरात सांगत आले आहे.

या सगळ्यात न्यायाचा प्रश्न उरतोच. परवानगी नाकारली तर काय? ब्रिटनमध्ये ईटीए नाकारल्यावर अपील नाही; पुन्हा अर्ज करा किंवा व्हिसा मागा. अमेरिकेच्या कायद्यात तर एस्टाच्या निर्णयाचा फेरविचार न्यायालयांना करता येणार नाही असंच लिहिलेलं आहे. युरोपीय संघाच्या कायद्यात मात्र नकाराचं कारण कळवणं बंधनकारक आहे आणि अपिलाचा हक्क दिलेला आहे. आधी कोण येतंय ते पाहण्याचा अधिकार प्रत्येक देशाला आहे, त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण यंत्राने नाव दुसऱ्या कुणाशी जुळवलं, एखादा जुना हरवलेला पासपोर्ट आडवा आला, तर माणसाला बोलायला जागा हवी. कारण लेखी द्यावं आणि दाद मागण्याची सोय ठेवावी, ही युरोपची पद्धत बाकीच्यांनी, भारतानेही, उचलावी.

तोवर आपल्या हातात आहे ते आपण करावं. अर्ज त्या त्या देशाच्या सरकारी संकेतस्थळावरच भरावा. शोधात सगळ्यांत वर दिसणारी जाहिरात पुष्कळदा दलालाची असते आणि तो त्याच कामाचे दुप्पट-तिप्पट पैसे घेतो. नाव पासपोर्टवर छापलंय तसंच लिहावं. वडिलांचं किंवा नवऱ्याचं नाव मधे घालण्याची आपली रीत आहे, आणि ते पासपोर्टवर नावाच्या रकान्यात असेल तर फॉर्ममध्येही तिथेच हवं. शून्य आणि इंग्रजी ‘ओ’ यांची गफलत सांभाळावी. तान्ह्या बाळासाठीही वेगळा अर्ज लागतो का, ते पाहावं. आणि ईटीए काढल्यानंतर पासपोर्टचं नूतनीकरण झालं असेल तर ती परवानगी नव्या नंबरावर चालत नाही, पुन्हा काढावी लागते. परवानगीचं पत्र छापून घ्या, पासपोर्ट शेजारी ठेवा, आणि निघण्याच्या आठवडाभर आधी दोन्हींवरचा नंबर एकेक आकडा करून ताडून पाहा.