खुंट्याला बांधलेली होडी आणि माझा ०.५४

रेवदंड्याच्या खाडीत मासेमारी होडीच्या पंख्याचा थ्रस्ट मोजायचा होता. कागदावर हे फार सोपं आहे, म्हणून आधी कागदच बघू.

पंखा म्हणजे एक पातळ चकती समजा. होडी जागेवर बांधलेली आहे, पंखा पाणी मागे ढकलतोय. पाण्याला जो वेग मिळतो, त्यातला अर्धा चकतीपर्यंत पोचेपर्यंत मिळतो आणि उरलेला अर्धा मागे गेल्यावर. रँकिनने १८६५ मध्ये या विचाराची सुरुवात केली. त्यातून निघतं ते असं: घनता, चकतीचं क्षेत्रफळ आणि शक्तीचा वर्ग यांचा गुणाकार करा, त्याची दुप्पट करा, घनमूळ काढा. आला थ्रस्ट.

आमचा पंखा ०.६ मीटर व्यासाचा, म्हणजे क्षेत्रफळ ०.२८३ चौरस मीटर. समुद्राचं पाणी १०२५ किलो प्रति घनमीटर. इंजिन २० किलोवॅट. उत्तर साधारण ६१४५ न्यूटन, म्हणजे ६२६ किलोचा ओढा. लक्षात घ्या, ही वरची मर्यादा आहे. पाण्याला पडणारा पीळ, पात्यांवरचं घर्षण यात काहीच धरलेलं नाही.

मोजायची पद्धत न्हावा-शेव्याच्या टगसाठी वापरतात तीच: धक्क्यावरच्या खुंट्याला दोर, मध्ये लोड सेल, आणि इंजिन फुल. आमचा आकडा आला ३४०. मी भागाकार केला, ०.५४ आलं, त्याला 'कार्यक्षमता' असं नाव दिलं आणि आलेख काढून मोकळा झालो.

मॅडमनी आलेख पाहिलाच नाही. विचारलं, "ओहोटी किती वाजता होती?"

तिथेच सगळं सुटलं. आम्ही ओहोटीला मोजलं होतं, पाणी उथळ होतं, दोर आखूड होता. पंख्याने मागे फेकलेलं पाणी धक्क्याच्या भिंतीवर आपटून फिरून पुन्हा पंख्याकडे येत होतं. आधीच मागे धावणाऱ्या पाण्याला ढकलून थ्रस्ट कमीच मिळणार. त्यात धक्का उंच राहिल्याने दोर तिरका. सेल दोराचा ताण दाखवतो, आडवा ओढा नाही. २० अंशांना आडवा ओढा ताणापेक्षा ६ टक्के कमी असतो. म्हणजे एक चूक आकडा खाली ओढत होती, दुसरी वर. दोन्ही माझ्या ०.५४ मध्ये गुण्यागोविंदाने नांदत होत्या!

दुसऱ्यांदा भरती पूर्ण झाल्यावर, पाणी थांबलेलं असताना, लांब दोराने मोजलं. तांडेलकाकांनी वेळ बरोबर सांगितली. होडी डावी-उजवी झोके घेते, त्यामुळे क्षणाचा सर्वात मोठा आकडा न घेता काही मिनिटांची सरासरी घेतली. ४०० च्या आसपास आली.

मग आता ०.६४ छापायचं का? नाही. ते २० किलोवॅट इंजिनच्या पाटीवरचे आहेत. बांधलेल्या होडीत पंखा जड जातो, फेरे पूर्ण चढत नाहीत, आणि शाफ्टवर पोचणारी शक्ती पाटीपेक्षा कमी असते. वरचा आकडा मोजलेला आणि खालचा पाटीवरून उचललेला, असा भागाकार काहीच सांगत नाही. शाफ्टवर स्ट्रेन गेज लावून टॉर्क आणि फेरे दोन्ही घ्यायचे आहेत. तोवर माझ्या वहीत फक्त "४०० किलो, भरती" एवढंच लिहिलंय.